तर्री मिसळीला, चीजला नव्हे

“आलं का गं नाकात?” काकूंनी फटीतून विचारलं.

न येऊन जाईल कुठे! कढईत डुकराच्या मांसाचं सॉसेज परततंय, त्यात मिरी आणि सेजचा पाला, आणि वारा आमच्या दिशेचा.

काकूंच्या घरचं सामिष कुंपणापाशी शिजतं, कारण काका माळकरी. साताऱ्याहून ह्यूस्टनला पेट्रोकेमिकलच्या नोकरीवर आले त्याला जमाना झाला, पण तुळशीची माळ गळ्यातून उतरली नाही. खाणाऱ्यांनी खुशाल खावं, स्वयंपाकघरात शिजवू नये, एवढंच त्यांचं म्हणणं. मग काकूंनी परसातल्या ग्रिलच्या बाजूची गॅसची शेगडी आपली मानली, आणि ती नेमकी आमच्या कुंपणाला लागून आहे. मधल्या सहा फुटी कुंपणाच्या दोन फळ्या २०२४ च्या जुलैत बेरिल वादळात गेल्या. एचओए, म्हणजे इथली सोसायटी, पत्रं पाठवते की फळ्या बसवा. आम्ही दोघी कळवतो, सुतार मिळत नाही. ह्यूस्टनजवळच्या आमच्या केटीसारख्या ठिकाणी सुतार न मिळायला काय झालं? पण फळ्या बसल्या तर बोलायचं कुठून?

“रविवारी सुपर बोल. आज सॉसेज-चीज डिपची तालीम,” काकू म्हणाल्या. सुपर बोल म्हणजे अमेरिकन फुटबॉलचा अंतिम सामना. “तू ये हो वाटी घेऊन. चव सांग.”

“येते. पण आधी सांगा, परवा हळदीकुंकवाला ते पिवळं काय होतं?”

काकूंनी उलथनं खाली ठेवलं. “म्हणजे तूही पाहिलंस! मला वाटलं माझ्याच डोळ्यांना दिसलं.”

“दिसलं काय, मी बुडवली की चिप. अर्धी बाहेर आली, अर्धी आतच राहिली.”

“कुणी केलं होतं ठाऊक आहे ना? तळ्याकाठची. जिच्या ओट्याचा दगड इटलीहून आलाय, ती. नाव नको घेऊस, काका आत जागे आहेत.” काकू फटीजवळ सरकल्या. “दोन वर्षं मुरवलेलं चेडर वापरलंय म्हणाली. महागाचं. वर बोटभर तेल, खाली रबराचा गोळा. आणि सगळ्याजणी आपल्या ‘किती क्रीमी गं’ म्हणताहेत! मिसळीला तर्री हवी, चीजला कशाला?”

“त्यांनाही कळलं असणार.”

“कळलं तर म्हणाली असती? उलट मलाच ऐकवलं, आम्ही बाई त्या पिवळ्या ठोकळ्याला हात लावत नाही. मी काय उत्तर देणार! हातात वाणाचा डबा, कपाळावर हळद. हसले.”

ठोकळा म्हणजे व्हेल्व्हिटा. चांदीच्या कागदात, खोक्यात. दुकानात तो फ्रीजमध्ये नसतो, बिस्किटांसारखा साध्या फळीवर असतो, आणि नेमकं तेच पाहून आपल्याकडच्या नव्या बायका नाक मुरडतात. मीही आल्या आल्या मुरडलं होतं. पण गोव्यात फोंड्याला बारावीच्या पोरांना मी केमिस्ट्री शिकवायचे, त्यामुळे हळदीकुंकवाच्या त्या भांड्यात काय घडलं ते मला वाडग्याकडे बघूनच कळलं. काकूंना म्हटलं, ऐकायचंय का? त्या म्हणाल्या, सांग, पण परीक्षा घेऊ नकोस.

“चीज म्हणजे केसीन या प्रथिनाचं जाळं. ते जाळं कॅल्शियमनं बांधलेलं असतं, आणि त्यात चरबी न् पाणी अडकलेलं असतं. चीज मुरत जातं तसं हे प्रथिन तुटत जातं, पाणीही कमी होतं. चवीला ते झकास, पण वितळवायला कठीण. तापलं की चरबी पातळ होऊन बाहेर पळते आणि उरलेलं प्रथिन आवळून गोळा होतं. आच जितकी मोठी, तितकं लवकर.”

“आणि ठोकळा का नाही फाटत?”

“त्यात सोडियमचे क्षार घातलेले असतात. सायट्रेट, फॉस्फेट. ते कॅल्शियम ओढून घेतात, त्याच्या जागी सोडियम येतं. मग प्रथिनं सुटी होतात आणि चरबीच्या प्रत्येक थेंबाभोवती जाऊन बसतात. चरबीला बाहेर पडायला वाटच नाही.”

“हे कुणी अमेरिकन माणसानं शोधलं असणार.”

“नाही हो, स्वित्झर्लंडमध्ये. १९११ साली गर्बर आणि स्टेटलर या दोघांनी, चीज जास्त टिकावं म्हणून. आणि हा ठोकळाही मूळचा एका स्विस माणसाच्याच हातचा. एमिल फ्राय. न्यूयॉर्क राज्यातल्या मनरो गावात चीजच्या कारखान्यात होता. मोडक्या-तुटक्या चीजचं करायचं काय, यातून १९१८ मध्ये त्यानं हे काढलं. क्राफ्टनं १९२७ ला ती कंपनी घेतली.”

“म्हणजे उरलंसुरलं सारखं करणारा आपल्यातलाच माणूस,” काकूंना तो एकदम आवडला.

“मात्र इथल्या कायद्यानं त्याला नुसतं चीज म्हणता येत नाही. खोक्यावर ‘चीज प्रॉडक्ट’ लिहावं लागतं.”

“लिहू दे की. मला वितळल्याशी मतलब.” काकूंनी सॉसेज पुन्हा उलथलं. “आणि मी म्हणते, आपण लहानपणी अमूलचा गोल डबा खाल्ला, तो कोण होता?”

“तोही प्रोसेस्डच.”

“झालं तर मग! हिचं सगळं बालपण ठोकळ्यावर गेलं आणि आता इटलीचा दगड आला म्हणून विसरली.”

इथे मी एक गोष्ट मनातल्या मनात तळ्याकाठच्या बाईंच्या बाजूनं मोजली. चव म्हणाल तर त्यांचं चेडर ठोकळ्यापेक्षा कितीतरी वरचं. ठोकळा खारट असतो, गुळगुळीत असतो, आणि त्यापलीकडे त्याला सांगण्यासारखं फारसं नसतं. चांगलंच चीज वापरायचं असेल तर त्याचीही रीत आहे. पाव किलोभर कमी मुरलेलं चेडर घरी किसायचं, किसलेलं पाकीट आणायचं नाही, कारण चिकटू नये म्हणून त्याला पिठूळ पूड लावलेली असते. त्या किसाला चमचाभर कॉर्नफ्लॉवर चोळायचं आणि इव्हॅपोरेटेड मिल्कच्या एका डब्यात मंद आचेवर ढवळत वितळवायचं. साखर घातलेलं कंडेन्स्ड नव्हे, नाहीतर खरवसाच्या वाटेला जाल. कॉर्नफ्लॉवर आणि दुधातली प्रथिनं मिळून चरबीला धरून ठेवतात. हे काकूंना सांगितलं तर त्या म्हणाल्या, “तिला नको सांगूस. पुढच्या वर्षी करून आणेल आणि आपल्याला खरंच ‘क्रीमी’ म्हणावं लागेल.”

मागे एकीनं पनीर घालून पाहिलं होतं, तेही निघालं बोलण्यात. पनीर वितळतच नाही. गरम दुधात लिंबू पडलं की कॅल्शियम निवळीबरोबर जातं आणि प्रथिनं एकमेकांना घट्ट धरून बसतात, मग ते तापवा नाहीतर तळा. तिच्या डिपमध्ये पनीरचे चौकोन आहेत तसे पोहत होते.

एवढ्यात काकूंनी थर्मामीटर काढला. हे मला काकूंचं फार आवडतं. पुरणाला हाताचा अंदाज, आणि सॉसेजला थर्मामीटर. “एकशेसाठ,” त्यांनी वाचलं. फॅरनहाइट. म्हणजे ७१ सेल्सियस. खिम्यासारखं दळलेलं डुकराचं मांस तेवढं तापलंच पाहिजे, कारण अख्ख्या तुकड्याच्या बाहेरचे जंतू दळताना आतपर्यंत जातात. कोंबडीचं सॉसेज असेल तर १६५, म्हणजे ७४. कच्चं सॉसेज तसंच चीजमध्ये टाकून स्लो कुकरमध्ये ठेवणारे लोकही आहेत या गल्लीत. काकू त्यांच्याकडे फक्त चहा घेतात.

“प्रमाण लिहून घे. पौंडभर सॉसेज, पौंडभर ठोकळा, एक डबा टोमॅटो-मिरची. बस्स. सॉसेज आतड्यातलं नको, मोकळं मिळतं ते घे. तेल न घालता बारीक मोडत परत. सुटलेली चरबी काढून टाक, पण सिंकमध्ये ओतू नकोस. गेल्या वर्षी कुणाचं तरी तुंबलं होतं, आठवतंय ना? डब्यात ओतायची, गोठली की कचऱ्यात.”

“आणि डबा पाण्यासकट घालायचा?”

“पाण्यासकट. त्यानंच तर सैल होतं. ठोकळ्याच्या फोडी करायच्या, डबा ओतायचा, बारीक आच. उकळायचं नाही. घट्ट वाटलं तर चमचाभर दूध. हे सगळं आत, माझ्या ओट्यावर. मग काकांचं भांडं आधी बाजूला काढायचं, आणि उरलेलं बाहेर आणून त्यात सॉसेज.”

“काकांना चालतं का हे चीज? दूध गोठवणारं रेनेट असेल की त्यात.”

काकूंनी आत एकदा पाहून घेतलं. खरं तर प्रश्न अवघड होता. भारतात पाकिटावर हिरवा ठिपका असला की विषय संपतो. इथे लेबलवर बहुतेक वेळा नुसतं ‘एन्झाइम्स’ लिहिलेलं असतं. ते वासराच्या जठरातलं की सूक्ष्मजंतूंकडून काढलेलं, हे कंपनीला विचारल्याशिवाय कळत नाही.

“त्यांनी मला कधी विचारलं नाही,” काकू म्हणाल्या, “आणि मी कंपनीला कधी विचारलं नाही. आता तूही विचारू नकोस. पांडुरंग बघून घेईल.”

डबा म्हणजे रोटेल, टोमॅटो आणि हिरव्या मिरचीचा. टेक्ससच्या दक्षिण टोकाला, रिओ ग्रांदेच्या खोऱ्यात एल्सा नावाचं गाव आहे. तिथे १९४० च्या दशकात कार्ल रोटेल नावाच्या माणसानं हे डबे भरायला सुरुवात केली. त्याआधीही टेक्ससमधल्या मेक्सिकन खाणावळींत चिले कोन केसो होतंच, पण डबा आणि ठोकळा एकत्र आले आणि ते घराघरांत शिरलं. ‘केसो’ हा स्पॅनिशमध्ये कुठल्याही चीजचा शब्द, पण आता तो म्हटला की इथल्या माणसाला हे पिवळं पातळच आठवतं. शेजारच्या आर्कान्सॉचे लोक मात्र म्हणतात की चीज डिप आमचं. १९३५ मध्ये आमच्याकडच्या मेक्सिको चिकितो खाणावळीत पहिल्यांदा झालं. काकूंसमोर हे म्हणायची सोय नाही. सातारच्या असल्या तरी या बाबतीत त्या कट्टर टेक्सन आहेत.

“पण काकू, तेल सुटलेलं केसो ह्यूस्टनमध्ये प्रसिद्ध होतं म्हणे?”

“फेलिक्सचं! तुला कुणी सांगितलं? तू यायच्या आधीच बंद झालं ते, २००८ ला. वेस्टहायमर रस्त्यावर होतं. आम्ही नवे होतो तेव्हा जायचो. वर नारिंगी तेल तरंगायचं, लोक त्यासाठी लांबून यायचे आणि आता आठवण काढून हळहळतात.”

“मग तळ्याकाठचीनं काय वेगळं केलं?”

“फेलिक्सनं ते ठरवून केलं होतं. आणि तुला फेलिक्स तिहेरिना माहीत नाही, म्हणून असं बोलतेस. केसोपेक्षा मोठा माणूस.” काकूंनी गॅस बंद केला, म्हणजे आता लांबण लागणार. “मेक्सिकन पोरं शाळेत जायची आणि इंग्रजी येत नाही म्हणून पहिलीतच नापास व्हायची. यानं १९५७ मध्ये शाळेआधीचे वर्ग काढले. चारशे इंग्रजी शब्द शिकवायचे, एवढंच. चारशे शब्द आले की पोरगं पहिलीत टिकतं. खाणावळवाला माणूस! पुढे राज्य सरकारनं ती योजना उचलली.”

हे मला खरंच माहीत नव्हतं. आमचा धाकटा इथल्या शाळेत पहिल्या दिवशी गेला तेव्हा ‘बाथरूम’ एवढा शब्द पाठ करून घेतला होता मी त्याच्याकडून. चारशेचा हिशेब मला लगेच पटला.

काकू आता ऑस्टिनला पोचल्या होत्या. तिथल्या मॅट्स एल रांचोमध्ये ‘बॉब आर्मस्ट्राँग डिप’ मिळतं, त्याची कथा त्यांना सांगायचीच असते. बॉब आर्मस्ट्राँग हे टेक्ससचे जमीन आयुक्त होते. नेहमीचं नको, काहीतरी वेगळं दे, असं त्यांनी मॅट मार्टिनेझ धाकट्याला सांगितलं. त्यानं केसोत टॅकोचा खिमा, ग्वाकामोले आणि आंबट साय टाकून वाडगा पुढे केला. आयुक्त गेले, पद गेलं, डिप राहिलं. “आपल्याकडे कुठल्या महसूलमंत्र्याच्या नावाची भाजी आहे का सांग,” काकू म्हणाल्या. मला खरोखर आठवेना.

सॉसेज-चीजची जोडी मात्र टेक्ससची नव्हे, ती सीमेपलीकडची. उत्तर मेक्सिकोत केसो फुंदिदो करतात. मातीच्या किंवा लोखंडी ताटलीत चीज वितळवून वर परतलेलं चोरिसो सॉसेज, आणि चमच्यानं न घेता गव्हाच्या तोर्तियात ओढून घ्यायचं. त्यात डबा नाही, दूध नाही, पातळपणा नाही. तारा निघतात. त्यासाठी लागतं चिवावा चीज, जे मेक्सिकोत १९२२ पासून येऊन वसलेल्या मेनोनाइट पंथाच्या शेतकऱ्यांनी नावारूपाला आणलं. ते कोवळं असतं आणि पाणी धरून असतं, म्हणून क्षाराशिवायही सुरेख वितळतं. हे थंड झालं की कडक होतं, म्हणून ताटली आली की गप्पा बंद करून खायचं. गप्पांसाठी ठोकळ्याचंच बरं.

“तुमच्याकडे चोरीस असतं ना गोव्यात?” काकूंनी विचारलं. “यंदा जाशील तेव्हा आण की.”

“काढून घेतात विमानतळावर. भारतातून मांसाचं काही आणायला बंदी आहे.”

आई म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारातून आणायची, लाल माळा लटकलेल्या असतात तिथून. शेजारच्या ख्रिश्चन मावशीकडून शिकलेली पद्धत अशी की चोरीस थोड्या पाण्यात शिजवायचं, पाणी आटलं की त्याच्याच चरबीत कांदा परतायचा आणि पावात भरायचं. चोरीसाचं मांस दळत नाहीत, बारीक चिरतात. त्याला माडाच्या सुरेचं व्हिनेगर, लसूण आणि सुकी मिरची लावतात, मग उन्हात आणि धुरावर सुकवतात. मेक्सिकन चोरिसोतही व्हिनेगर आणि मिरचीच असते, फक्त ते ओलं, कच्चं आणि मऊ. एच-ई-बी या इथल्या दुकानातलं चोरिसो पहिल्यांदा परतताना वास आला आणि मी पाच मिनिटं फोंड्यात होते. नवल काहीच नाही. एकाला पोर्तुगीज घेऊन गेले, दुसऱ्याला स्पॅनिश, आणि आमच्या चोरीसातली मिरची मूळची इकडचीच, पोर्तुगिजांच्या जहाजांतून गोव्याला आलेली.

“मग रविवारी अर्धं चोरिसो घालू?” काकूंचे डोळे चमकले.

“घाला. पण स्वस्तातल्या नळीचं लेबल वाचू नका. लाळेच्या ग्रंथी वगैरे लिहिलेलं असतं.”

“ई! आधी सांगायचंस ना. मग खाटकाकडचं आणू. आणि त्यात व्हिनेगर असतं, ते चीज फाडणार नाही?”

“साध्या चीजला आंबट जास्त झालं तर फाटतं. ठोकळ्यातला सायट्रेट सांभाळून घेतो. चोरिसो मात्र नीट कोरडं परता.”

काकूंनी आतून वितळलेलं चीज आणून त्यात सॉसेज घातलं. मी फटीतून वाटी पुढे केली. काकूंनी चमच्यानं घातलं. बुडवून खायला फ्रिटोज चिप्स, खोलगट आकाराच्या. साध्या तोर्तिया चिप्स या वजनाला मोडतात. फ्रिटोजही इथल्याच, १९३२ मध्ये सॅन अँटोनियोत सुरू झालेल्या. चव? खारट, तिखट, मऊ, मधेच सॉसेजचा दाणा, आणि मागून सेजचा पाला. चार घास झाल्यावर पुरे वाटतं आणि हात थांबत नाही. मीठ मात्र वेगळं घालायचं नाही, चिमूटभरही नाही.

“गरम कसं ठेवणार रविवारी?” मी विचारलं. “तीन-चार तास चालतो सामना.”

“स्लो कुकर, वॉर्मवर. एकशेचाळीसच्या खाली जाऊ द्यायचं नाही.” म्हणजे ६० सेल्सियस. “आणि वर साय धरते, म्हणून जाता येता ढवळायचं. तू नव्हतीस २०१७ ला. सुपर बोल इथेच, ह्यूस्टनमध्ये होता. सगळी गल्ली आमच्याकडे. अटलांटा अठ्ठावीस-तीननं पुढे. सगळ्यांना वाटलं संपलं, निम्मे उठून गेले. मी कुकर बंद करणार, तेवढ्यात काका म्हणाले थांब. आणि न्यू इंग्लंडनं बरोबरी केली! सुपर बोलमध्ये जादा वेळ खेळायची ती पहिलीच वेळ. चौतीस-अठ्ठावीसनं जिंकले. गेलेले लोक धावत परत आले आणि पहिला प्रश्न काय, तर डिप उरलंय का. उरलं होतं, आणि गरम होतं.”

“आणि खरंच उरलं तर?”

“बाहेर गार पडून दोन तास झालेलं असेल तर टाकून द्यायचं. जीव तुटतो, पण टाकायचं. कुकरमध्ये गरम असलेलं मात्र लगेच फ्रीजमध्ये. दुसऱ्या दिवशी दूध घालून मंद आचेवर. मी तर टोस्टवर घालून वर हिरवी मिरची आणि कोथिंबीर टाकते. काका त्यांच्यातलं पोळीला लावून खातात, रोल करून. एकादशी बघून.”

आतून काकांनी हाक मारली. त्यांच्या भांड्यातलं त्यांना हवं होतं, अजून गरम असताना. काकू निघाल्या, दोन पावलं गेल्या, तेवढ्यात मी विचारलंच.

“रविवारी तळ्याकाठचीला बोलावलंय का?”

“म्हणजे काय, बोलावणारच. शेजारधर्म आहे. चिप्स आणायचं काम तिला दिलंय. चिप्स वितळवाव्या लागत नाहीत.”